बाजारात तुरी, आणि आठ लाखांचा हप्ता

मराठवाड्यातल्या एका वाचकाचं पत्र आलंय. तीन एकर जिरायत साठवण तलावात गेली. भूसंपादन प्राधिकरणाने मोबदला वाढवला, व्याज धरून साधारण 90 लाखांनी. ज्या संस्थेसाठी जमीन घेतली ती, म्हणजे संपादन संस्था, 2013 च्या भूसंपादन कायद्याच्या कलम 74 खाली उच्च न्यायालयात अपिलात गेली, रक्कम कोर्टात भरली. त्यातले 45 लाख यांनी ‘निकाल विरोधात गेला तर परत करू’ असं हमीपत्र देऊन उचलले. ‘उरलेले वर्षभरात येतील असं वकील म्हणतात. त्या भरवशावर 30 लाखांचं कर्ज काढून तालुक्याला प्लॉट घेऊ का?’

नाही. प्लॉटचं एवढंच.

आता पत्राच्या शेवटी जाता जाता लिहिलेल्या ओळीकडे येतो. बँकेतल्या साहेबांनी ‘8 लाख एकदाच ठेवा’ म्हणून जी पॉलिसी दिली, तिच्या पहिल्या पानाचा फोटो तुम्ही जोडलाय. त्यावर ‘वार्षिक हप्ता, 10 वर्षं’ असं छापलंय. म्हणजे 80 लाख. वय 56, पेन्शन नाही, हातात 45. साहेबांनी हे सगळं पाहूनच विकलं, याचा मला जास्त राग येतो.

आणि ते 45 तरी पक्के तुमचे आहेत का? उच्च न्यायालय निवाड्यावर नुसती नजर फिरवत नाही, पुरावा नव्याने तपासतं. तुमचा वाढीव दर उभा आहे तो रस्त्याकडेच्या दोन गुंठ्यांच्या बिनशेती प्लॉटच्या खरेदीखतावर. तुमची जमीन सलग तीन एकर जिरायत. अशा वेळी छोट्या प्लॉटचा दर मोठ्या जमिनीला लावताना कोर्ट विकासखर्चापोटी (रस्ते, मोकळी जागा वगैरे) कपात करतं, आणि ती किरकोळ नसते.

हिशेब करा. मोबदला काढताना बाजारभावाला गुणक 2, म्हणजे दुप्पट, आणि त्यावर तेवढीच, 100 टक्के दिलासा रक्कम, म्हणजे दर चौपट. एकरी दर एक लाखाने उतरला की तीन एकरांत 12 लाख गेले. एकरी अडीच लाख उतरला तर 30 लाख, आणि त्यावरचं व्याज धरून कोर्टात राहिलेले 45 संपले. त्याहून खाली गेलं तर उचललेल्यातून परत द्यायचं. हमीपत्रात परतफेडीचा व्याजदर काय लिहिलाय, तो वकिलांकडून आजच वाचून घ्या. प्रकरण फेरनिर्णयासाठी प्राधिकरणाकडे परत गेलं, तर ‘वर्षभरात’ हा शब्द विसरा.

म्हणून हे पैसे साध्या एक-एक वर्षाच्या मुदत ठेवींत, दोन-तीन बँकांत, तुमच्याच नावावर. मुलाच्या धंद्यात नाही. त्याच भूसंपादन कायद्याच्या कलम 96 मुळे मोबदल्यावर प्राप्तिकर नाही, पण वाढीव रकमेवरच्या व्याजाकडे प्राप्तिकर खातं वेगळं बघतं. निवाड्याची प्रत सीएला दाखवा.

एक गोष्ट मात्र तुमच्या बाजूने आहे. पॉलिसीचा कागद हातात पडल्यापासून 30 दिवसांत ती कारण न देताही परत करता येते. मुद्रांक, वैद्यकीय तपासणी असली किरकोळ कपात होऊन पैसे मिळतात. तुमच्या पत्रातल्या तारखेवरून आज एकविसावा दिवस आहे. बँकेतले साहेब ‘पुढच्या आठवड्यात बघू’ म्हणतील. त्यांच्याकडे जाऊच नका. विमा कंपनीच्या शाखेत लेखी अर्ज द्या, मूळ पॉलिसी जोडा, आणि पोचेवर तारखेचा शिक्का पडल्याशिवाय खुर्चीवरून उठू नका.