प्रवासवर्णन, आठवणी की प्रवासवृत्त?

कोथरूडच्या एका वाचक बाईंचा प्रश्न आहे. त्या एक इंग्रजी पुस्तक मराठीत आणत आहेत. मूळ लेखिका बरीच वर्षं निरनिराळ्या देशांत राहिली. तिथली घरं, सणवार, लग्नाच्या चालीरीती यांबद्दल तिने लिहिलं आणि त्याच ओघात स्वतःचं आयुष्यही सांगितलं. कल्पित काही नाही. मलपृष्ठावर काय छापावं: प्रवासवर्णन, आत्मकथन, की हल्ली कुठे कुठे दिसतं तसं ‘यात्रा संस्मरण’? आणि लेखिकेला प्रवासी म्हणायचं की प्रवासिनी?

माझं मत ‘प्रवासवृत्त’ या शब्दाला आहे. तो जुना आहे, मराठी आहे, आणि नेमक्या अशाच पुस्तकासाठी एका बाईनेच तो वापरलेला आहे.

आधी ‘प्रवास’ बघू. स्वारगेटला ‘प्रवाशांनी लक्ष द्यावे’ असं ऐकू येतं तेव्हा आपल्या डोळ्यांपुढे इथून तिथे जाणारी माणसं असतात. पण शब्दात धातू आहे तो ‘वस्’, म्हणजे राहणं. निवास, सहवास, वसती यांतला. ‘प्र’ लागून अर्थ झाला घरापासून दूर राहणं. हिंदीत तो अर्थ अजून शाबूत आहे, म्हणून परदेशी स्थायिक झालेले ते ‘प्रवासी भारतीय’. संस्कृत काव्यशास्त्रात तर प्रवास हा विरहाचा एक प्रकार. नवरा परमुलखात आणि बायको घरी झुरते आहे, अशा नायिकेला प्रोषितभर्तृका म्हणतात. त्यातलं ‘प्रोषित’ हे याच प्र + वस् चं रूप. दूर राहणार तो, वाट पाहणार ती, अशी वाटणीच त्या परिभाषेने करून ठेवली होती. मराठी बायकांनी स्वतःचा प्रवास स्वतः लिहिला तेव्हा ही वाटणी मोडली, आणि मला ही आपल्या भाषेतली फार मोठी घटना वाटते.

राहण्याचा हा अर्थ मराठीतही पूर्वी अगदी जवळचा होता. गोडसे भटजी १८५७ च्या धामधुमीत उत्तरेत गेले, झाशीच्या वेढ्यात अडकले, हाल सोसून परतले. त्यांच्या पुस्तकाचं नाव ‘माझा प्रवास’. त्यात किती कोस चाललो यापेक्षा परक्या मुलखात कसे दिवस काढले हेच जास्त आहे. म्हणून ज्या लेखिकेने परक्या समाजात बिऱ्हाड थाटलं, तिच्या पुस्तकाला ‘प्रवास’ शब्द तोकडा पडेल ही धास्ती नको.

आता ‘वृत्त’. पंडिता रमाबाई १८८३ साली इंग्लंडला गेल्या. १८८६ मध्ये आनंदीबाई जोशी डॉक्टर झाल्या, त्या पदवीदान समारंभासाठी रमाबाई फिलाडेल्फियाला पोचल्या आणि पुढे अमेरिकेतच राहिल्या, हिंडल्या, व्याख्यानं दिली. परत आल्यावर १८८९ मध्ये त्यांचं मराठी पुस्तक निघालं: ‘युनायटेड स्टेट्सची लोकस्थिती आणि प्रवासवृत्त’. हे नाव सावकाश वाचावं. लोकस्थिती म्हणजे तिथली माणसं कशी राहतात, राज्यकारभार कसा चालतो, शिक्षण कसं आहे, बायकांची अवस्था काय आहे. आपण आज ‘संस्कृती’ हा ढगळ शब्द जिथे वापरतो, तिथे त्यांनी ‘लोकस्थिती’ हा अचूक शब्द ठेवला. आणि प्रवासवृत्त म्हणजे त्या मुलखात आपल्याला काय घडलं, काय अनुभवाला आलं. तुमच्या पुस्तकाचे दोन्ही पदर या नावात आहेत. पुढच्याच वर्षी त्यांनी आपलं शारदासदन, म्हणजे विधवांसाठी काढलेली निवासी शाळा, मुंबईहून पुण्यात आणलं. परदेशात पाहिलेलं त्यांनी इथे राबवायला घेतलं, हे त्या पुस्तकाशी जोडूनच वाचायला हवं.

‘वर्णन’ आणि ‘वृत्त’ यांत फरक आहे. वर्णन बाहेरून होतं: देऊळ, धबधबा, बाजारपेठ. सांगणारी काठावर उभी असली तरी भागतं. वृत्त हे ‘वृत्’ धातूचं. जे घडलं ते वृत्त, आणि माणसाचं वागणंही वृत्त. त्यात सांगणारी स्वतः येते. आज ‘वृत्त’ म्हटलं की बातमी आठवते, हा आक्षेप मला ठाऊक आहे, पण सभेचं इतिवृत्त लिहिताना कुणाला ते बातमीपत्र वाटत नाही. समासात शब्द आपला अर्थ टिकवून धरतो.

‘यात्रा’ मात्र नको. हिंदीत यात्रा म्हणजे कुठलाही प्रवास. मराठीत ती पंढरीची, काशीची, नाहीतर गावदेवीची. ‘जत्रा’ तिचंच बोलीतलं रूप. कैरोत भाड्याने घर घेऊन राहिलेल्या बाईने यात्रा केली असं मराठी माणूस म्हणत नाही. इरावती कर्वे यांचंच बघा. डेक्कन कॉलेजात मानववंशशास्त्र शिकवणाऱ्या या बाई पालखीबरोबर पंढरपूरला चालत गेल्या. ती खरोखरीची यात्रा होती, तरी लेखाला नाव दिलं ‘वाटचाल’. आज तो शब्द संस्थांच्या वर्धापनदिनाला लागतो, त्यांनी मात्र वाट चालणं या रोख अर्थाने वापरला. दिंडीत जातवार निराळं चालणं, निराळं जेवणं त्यांना खुपतं. ज्या देशाचे लोक पंढरपूरला जातात तो महाराष्ट्र, ही व्याख्याही त्याच लेखात सापडते. समाजाचा अभ्यास आणि स्वतःची कळ एकाच परिच्छेदात नांदू शकते, याचा याहून चांगला मराठी नमुना मला माहीत नाही. अनुवाद सुरू करण्याआधी तो लेख जरूर वाचा.

‘संस्मरण’ हाही हिंदीचाच पाहुणा. आपल्याकडे आत्मचरित्र आहे, पण त्यात जन्मापासूनचं सगळं अपेक्षित असतं. आयुष्याचा तुकडा सांगायचा तर ‘आठवणी’ हा साधा शब्द रमाबाई रानड्यांना पुरला. हिंगण्याच्या, म्हणजे धोंडो केशव कर्व्यांच्या विधवाश्रमातल्या, पार्वतीबाई आठवले अमेरिकेला गेल्या, तिथे घरकाम करून राहिल्या, आणि १९२८ साली आपलं आयुष्य लिहिलं ते ‘माझी कहाणी’ या नावाने. कहाणी हा श्रावणातल्या व्रतांचा, माजघरातला शब्द; त्यांनी तो अमेरिकेपर्यंत नेला. तेव्हा मलपृष्ठावर ‘प्रवासवृत्त आणि आठवणी’ असंही चालेल. फक्त ‘ललितेतर’ नको. पुस्तक काय नाही एवढंच त्यातून कळतं.

पुस्तकाचं मुख्य नाव ठरवताना देशोदेशीच्या प्रवासावर लिहिणाऱ्या मीना प्रभूंची शीर्षकं समोर ठेवा: ‘मेक्सिकोपर्व’, ‘तुर्कनामा’, ‘इजिप्तायन’, ‘गाथा इराणी’. यातलं शेवटचं मला सर्वांत आवडतं, कारण गाथा तुकोबांची तशी प्राचीन इराणच्या धर्मसंस्थापक जरथुष्ट्राचीही.

राहिला ‘प्रवासिनी’. संस्कृतात रूप बरोबर आहे, पण मराठीत ‘प्रवासी’ दोन्ही लिंगी चालतो: तो प्रवासी, ती प्रवासी. ‘प्रवासिनी’ला कवितेचा वास येतो. ‘लेखिका’ शब्द आधी आलेला असेल तर ‘प्रवासी’च ठेवा. आणि प्रवासवृत्त नपुंसकलिंगी, एकसलग लिहायचं: ते प्रवासवृत्त, ती प्रवासवृत्तं, छापील प्रमाण मराठीत प्रवासवृत्ते.