जागल्या की खबऱ्या?

कोल्हापुरातल्या एका विद्यार्थ्यानं विचारलंय: "कॉलेजच्या अंकासाठी शस्त्रव्यापारातले गैरव्यवहार उघडकीला आणणाऱ्यांवर लिहितोय. 'व्हिसलब्लोअर'ला मी 'जागल्या' म्हटलं. सरांनी ते खोडून 'खबऱ्या' केलं. कुठला शब्द बरोबर?"

'जागल्या'च ठेव. सरांना तो का खटकला असेल, हे मात्र समजू शकतं. गावगाड्यात रात्रीचा पहारा रामोशी, महार यांच्यावर टाकलेला असे, त्यामुळे शब्दाला कमीपणा चिकटला. पण आपल्याकडं 'जागल' अजून जिवंत आहे. माझे आजोबा भुदरगडात भाताच्या रानात जागलीला जायचे. माळ्यावर बसायचे, हाताशी पत्र्याचा डबा. डुकरांची चाहूल लागली की डबा बडवायचा, मग शेजारच्या रानातनं दुसरा डबा वाजायचा. एकट्यानं डुक्कर धरणं हे जागल्याचं काम नव्हे. बाकीच्यांना उठवणं हे त्याचं काम.

इंगवार ब्रातनं नेमकं हेच केलं. तो स्वीडनच्या बोफोर्स कंपनीतला इंजिनिअर. कंपनीची विमानविरोधी क्षेपणास्त्रं कागदोपत्री सिंगापूरला जायची आणि पोचायची दुबई-बहारीनला, जिथं ती विकायला स्वीडनची परवानगी नव्हती. त्यानं ही माहिती तिथल्या शांतता संघटनेला दिली आणि संघटनेनं 1984 मध्ये पोलिसांत तक्रार केली. तुझ्या लेखात हा फरक जप: संघटनेतले लोक 'कार्यकर्ते', ब्रात 'जागल्या'.

सर म्हणतील, ब्रातनंही आधी नाव लपवलंच होतं, मग तो खबऱ्या का नाही? नाव लपवण्यानं कुणी खबऱ्या होत नाही. आपल्या बोफोर्स तोफांच्या लाच प्रकरणातले स्वीडिश पोलीस अधिकारी स्टेन लिंडस्ट्रोम बघ. पत्रकार चित्रा सुब्रमण्यम यांना कागदपत्रं देणारे आपणच, हे त्यांनी जाहीर केलं ते 2012 मध्ये, प्रकरण फुटल्यावर 25 वर्षांनी. त्यांना कुणी खबऱ्या म्हणेल का? खबऱ्या एकाच कानात सांगतो, बहुतेकदा मोबदल्यासाठी. जागल्याची आरोळी सगळ्या गावासाठी असते.

एक उणीव मलाही बोचते. जागल्या राखतो ते बाहेरून येणाऱ्या चोरापासून. ब्रातचा चोर घरातच होता, आणि घरातलं बाहेर सांगणाऱ्याला आपली भाषा पटकन 'घरभेदी', 'फितूर' म्हणते. 'शिट्टी फुंकणारा' तर नकोच. शाहू स्टेडियमवर शिट्टी पंचाच्या तोंडात असते. इथं आपल्याच संघातला खेळाडू पुढं येऊन "चेंडू आमच्याच माणसाच्या हाताला लागला" असं सांगतो, आणि त्याची किंमत मोजतो. म्हणून नाम 'जागल्या' ठेव, पण क्रियापद 'वाचा फोडणे' घे: "ब्रातनं या व्यवहाराला वाचा फोडली." चहाडीला कुणी वाचा फोडणं म्हणत नाही, अन्यायालाच वाचा फुटते.

स्वीडनमध्ये व्यापारी गुपितांबद्दलचा 1990 चा कायदा त्याच्याच नावानं, 'लेक्स ब्रात' म्हणून ओळखला गेला. आपल्याकडच्या 2014 च्या कायद्याबद्दल लिहिताना 'जागल्या संरक्षण कायदा' म्हणायला हरकत नाही.

अनेकवचन 'जागले'. बाईबद्दल लिहायचं झालं तर मी "ती जागल्या ठरली" असंच लिहीन. 'जागली' केलंस तर वाचणाऱ्याला ती रात्रभर झोपली नाही, एवढंच कळेल.