ज्वालामुखी ओकला जात नाही

सोलापूरच्या एक वाचक भगिनी अद्भुतकथा लिहीत आहेत. धगधगत्या भूमीत राहणारी एक कल्पित मानवजात त्यांच्या कथेत आहे. या लोकांची कातडी खडकासारखी राठ आहे, थंडावलेल्या लाव्ह्याच्या भुयारांत त्यांची वस्ती आहे, ते राखेत धान्य पेरतात आणि तापलेल्या भुईवरून अनवाणी चालतात. त्यांना 'ज्वालामुखी' म्हणावे, 'ज्वालामुखीय' म्हणावे की 'लाव्हामानव', असा भगिनींचा प्रश्न आहे. ही तिन्ही नावे बाद करावीत, असे माझे मत आहे.

'ज्वालामुखी'चा अर्थ सर्वांना ठाऊक असतो असे समजून पुढे जाता आले असते. परंतु तो ठाऊक नसतो, हे दर उन्हाळ्यात नव्याने कळते. सोलापुरात पारा ४३ अंशांवर गेला की 'सूर्य ज्वालामुखी ओकतो आहे' असे कोणीतरी म्हणतेच, आणि भगिनींच्या पत्रातही 'ज्वालामुखी वाहत गावापर्यंत आला' असे एक वाक्य आहे. ओकला जातो तो लाव्हा आणि वाहतो तोही लाव्हाच; ज्वालामुखी हे त्या डोंगराचे नाव आहे आणि डोंगर जागचा हलत नाही.

मुळात हा शब्द डोंगराचाही नव्हे. 'ज्वाला आहेत मुखात जिच्या ती', असा हा सरळ स्त्रीलिंगी बहुव्रीही समास असून हिमाचल प्रदेशातील कांगडा जिल्ह्यातल्या देवीचे हे नाव आहे. तिथे खडकाच्या फटींतून निघणारा नैसर्गिक वायू पेटता राहतो आणि त्या ज्योतींचीच पूजा होते. तिथे लाव्हा नाही, राख नाही, ज्वालामुखी पर्वतही नाही. भारतातला जागृत ज्वालामुखी कांगड्यापासून फार दूर, अंदमानच्या समुद्रात बॅरन बेटावर आहे, आणि तिथे कोणतीही देवी नाही. म्हणजे जिथे ज्वालामुखी नाही तिथल्या नावावरून आपण ज्वालामुखीला नाव दिले. तेलुगू भाषक 'अग्निपर्वतम्' म्हणतात, बंगाली भाषक 'आग्नेयगिरी' म्हणतात; त्यांच्या शब्दांत निदान पर्वत तरी आहे. आपल्या शब्दात केवळ तोंड आहे, तेही स्त्रीचे. तेव्हा संपूर्ण जमातीला 'ज्वालामुखी' म्हटले, तर तिच्यातल्या पुरुषांना 'ज्वालामुख' म्हणणार काय, याचे उत्तर आधी शोधावे लागेल.

'लाव्हा'बद्दल थोडक्यात सांगतो. 'ज्वाला' उलटीसुलटी करून त्यातून 'लाव्हा' काढणारे एक टिपण सध्या मोबाइलवर फिरत असते. त्याची दखल घेण्याचे कारण नाही. हा शब्द इटालियन आहे. इटलीतील व्हेसुव्हियस या ज्वालामुखीच्या पायथ्याशी असलेल्या नेपल्स शहराच्या लोकभाषेत पावसानंतर अकस्मात उसळून येणाऱ्या पाण्याच्या प्रवाहाला तो योजला जाई, आणि डोंगरातून खडकाचा रस आला तेव्हा लोकांनी त्यालाही तेच नाव दिले. काही इंग्रजी कोश त्याचे मूळ लॅटिनमधील 'घसरणे, कोसळणे' या अर्थाच्या शब्दाशी जोडतात. मला ते पटत नाही. पावसाच्या पाण्याने धुऊन निघणारा रस्ता ज्याने पाहिला आहे, तो 'धुणे' या अर्थाच्या 'लावारे' या धातूकडेच वळेल. कोशकारांनी घसरण पाहिली, पाऊस पाहिला नाही. मराठीत या प्रवाहाला 'लोंढा' असा सुरेख शब्द आहे, आणि कथेतल्या पात्रांच्या तोंडी मला तोच हवा. 'लोंढा आला, पोरे आत घ्या,' असे त्या भुयारातली आई म्हणेल. 'लाव्हारसाचा प्रवाह येत आहे' असे ती म्हणणार नाही.

'लाव्हा'ऐवजी 'शिलारस' सुचवणाऱ्यांशीही माझा वाद आहे. भूपृष्ठाखालच्या वितळलेल्या खडकासाठी हा शब्द पाठ्यपुस्तकांनी आणि मराठी विश्वकोशाने रूढ केला. परंतु काष्ठौषधींच्या दुकानात जाऊन शिलारस मागितला तर आजही झाडाचा सुवासिक, चिकट राळेसारखा पदार्थ हाती पडतो. एका प्रस्थापित शब्दावर दुसरा अर्थ लादताना त्या दुकानदाराला कोणी विचारले नसावे.

आता मुख्य मुद्दा. ज्वालामुखीच्या भूमीत पिढ्यान्‌पिढ्या राहणारे लोक आपले नाव आगीवरून घेणार नाहीत. आग कधीतरी येते. दगड मात्र रोज पायाखाली असतो. हवाई बेटांतल्या लोकांनी गुळगुळीत, दोरखंडासारख्या वळ्या पडलेल्या लाव्ह्याला 'पाहोएहोए' आणि खडबडीत, पाय फाडणाऱ्या लाव्ह्याला 'आआ' असे दोन वेगळे शब्द केले, कारण त्यावरून चालायचे त्यांना होते. जगभरच्या भूशास्त्रज्ञांनी पुढे तेच शब्द उचलले, आणि आपल्या दख्खनच्या खडकांची वर्णनेही त्याच दोन शब्दांत केली जातात.

आणि दख्खन म्हणजे तरी दुसरे काय आहे? सुमारे ६.६ कोटी वर्षांपूर्वी इथली जमीन लांबच लांब भेगांनी उकलली आणि लाव्ह्याचे थरांवर थर पसरत गेले. त्यांचे सुमारे ५ लाख चौरस किलोमीटर क्षेत्र आजही उरलेले आहे. इथे शंकूच्या आकाराचे डोंगर उसळले नाहीत, जमीनच फाटली, त्यामुळे 'मुख' हा शब्द इथे मुळातच लागू पडत नाही. (या थरांना 'ट्रॅप' म्हणतात, तो शब्द पायरी या अर्थाच्या स्वीडिश शब्दावरून आला आहे. त्याचे भाषांतर 'सापळा' करणाऱ्यांनी एकदा सह्याद्रीच्या पायऱ्यापायऱ्यांच्या कड्यांकडे पाहावे.)

सोलापूर जिल्ह्यातल्या कोणत्याही खोल विहिरीत डोकावावे. वर काळी माती असते, उन्हाळ्यात हात जाईल एवढ्या तिच्या भेगा असतात. तिच्याखाली मुरूम, त्याच्याखाली मांजऱ्या नावाचा मऊ खडक आणि तळाला काळा पाषाण. ही सारी लाव्ह्याचीच रूपे आहेत आणि त्यातल्या प्रत्येक रूपाला आपल्याकडे शब्द आहे. काळ्या मातीसाठी पाठ्यपुस्तकात येणारा 'रेगूर' हा शब्दसुद्धा तेलुगूतल्या 'रेगडि'वरून आलेला आहे. सोलापूरच्या पूर्व भागातल्या एखाद्या तेलुगू भाषक विणकर आजीसमोर 'नल्लरेगडि', म्हणजे काळी रेगडि, म्हणून पाहावे, तिला भूगोलाच्या पुस्तकाची गरज पडणार नाही. गावाची वाटणीही आपण मातीनेच केली आहे: शेतीची ती काळी आणि वस्तीची ती पांढरी.

माझा सर्वांत लाडका शब्द मात्र या साऱ्याच्या तळाशी आहे, आणि तो म्हणजे 'काळवत्री'. घडीव कामाला लागणारा हा काळाकभिन्न, घट्ट कणांचा दगड किल्ल्यांच्या आणि मंदिरांच्या वर्णनांत पदोपदी भेटतो. त्याची व्युत्पत्ती माझ्या तर्काने अशी आहे: संस्कृत 'प्रस्तर'चे प्राकृतात 'पत्थर' झाले. दोन स्वरांमध्ये सापडलेल्या 'प'चा 'व' होतो, जसे 'कपाट'चे 'कवाड', 'सपत्नी'ची 'सवत', 'दीप'चा 'दिवा'. 'काळ' आणि 'पत्थर' यांचे या वाटेने 'काळवत्थर' झाले. पुढे 'हस्त'च्या 'हत्थ'चा 'हात' होताना जसा 'थ' मावळून 'त' उरला, तसेच इथेही घडले आणि विशेषणाचा 'ई' लागून 'काळवत्री' सिद्ध झाला. 'पत्थर' हिंदी आहे, तेव्हा ही जोडणी मराठी कशी, असा आक्षेप येईलच. आक्षेप घेणाऱ्यांनी 'पाथरवट' हा शब्द कोणत्या भाषेतला आहे ते सांगावे.

मूळ प्रश्न जमातीच्या नावाचा होता. तिला 'काळवत्री' म्हणावे. ज्या दगडात ही माणसे राहतात आणि ज्या दगडासारखी त्यांची कातडी आहे, त्याचेच हे नाव आहे; शिवाय ते चालवायलाही सोपे आहे. 'माळी'प्रमाणे ते चालते: एक काळवत्री, अनेक काळवत्री, काळवत्र्यांचा देश; आणि 'माळीण'प्रमाणे स्त्री ती काळवत्रीण, अनेकवचनी काळवत्रिणी. 'ज्वालामुखीय' हे विशेषण राख, खडक आणि माती यांच्यासाठी राखून ठेवावे, आणि 'ज्वालामुखी वाहत गावापर्यंत आला' हे वाक्य छपाईपूर्वी अवश्य बदलावे.