चार वाजताचा चहा आणि एक स्टूल

ताई, तुमचं पत्र दोनदा वाचलं. नौपाड्यातल्या बेकरीत तुम्ही सात वर्षं काउंटर सांभाळताय. मुलगी आता ऐरोलीला कंपनीत लागली आणि म्हणते, ‘आई, बास झालं, सोड ते पाव बांधणं.’ तुम्हाला सोडवत नाही. ‘घरात पैसा येतोय तरी अडून बसलेय, चुकतंय का माझं?’ असं विचारलंय.

पगाराबद्दल तुम्ही एक ओळ लिहिलीय. बाकी दीड पान चार वाजताच्या चहाचं. दुपारची गिऱ्हाइकं ओसरली की तुम्ही तिघी मैद्याच्या गोणींना टेकता, खारीच्या ट्रेमधला चुरा कागदावर ओतता आणि फारसं कुणी बोलत नाही. एकीची सासू अंथरुणाला खिळलेली. दुसरीचं काय चाललंय ते ती सांगत नाही, तुम्ही विचारत नाही. पण तिच्यापुढे चुरा जरा जास्त सरकतो. हे सोडवत नसेल तर त्याला हट्ट म्हणत नाहीत. (शिवाय केकवरची नावं तुम्हीच घालता. क्रीमच्या कोनाने ‘ज्ञानदा’तला ‘ज्ञ’ नीट काढणारी बाई मालकाला सहज मिळायची नाही.)

पण अगदी शेवटी, ता.क. म्हणून, तुम्ही लिहिलंय: रात्री पाय सुजतात, मुलगी तेल चोळून देते. मेख तिथे आहे. तिला तुमच्या कामाची लाज वाटते असं तुम्ही धरून चाललात. मला नाही तसं वाटत. रोज रात्री ते पाय तिच्या हातात असतात, त्यांच्याबद्दल बोलतेय ती.

पोटऱ्या हलल्या की रक्त वर चढतं. तासन् तास एका जागी उभं राहिलं की खाली साचतं. केरळने २०१८ मध्ये आणि तामिळनाडूने २०२१ मध्ये दुकानातल्या कामगारांना बसायची सोय देणं कायद्यानेच बंधनकारक केलं. केरळात त्यासाठी कापडदुकानांतल्या बायका भांडल्या होत्या. तुम्हाला कदाचित भांडावंही लागणार नाही. मालकाकडे काउंटरच्या उंचीचं एक स्टूल मागा. तिघी मिळून मागा, एकटीने मागितलं की ‘बघू’ होतं. त्याआधी पाय डॉक्टरांना दाखवा. एकाच पायाला सूज असेल आणि तो दुखत असेल तर आजच.

मुलीशी नोकरीवरून वाद नको. स्टूल आलं की तिच्या सुट्टीच्या दिवशी चार वाजता तिला दुकानात बोलवा. चुरा चौघींना पुरेल.