'हलकी कविता' की 'हलकंफुलकं पद्य'?

प्रश्न असा आला आहे: इंग्रजीतल्या 'लाइट व्हर्स'ला, म्हणजे खेळकर, गमतीच्या पद्याला, मराठीत काय म्हणावं? एका अनुवादात 'हलकी कविता' असं वाचलं आणि ते खटकलं. 'वात्रटिका' चालेल का? आणि खुद्द इंग्रजीत तरी या प्रकाराला कवितेच्या पंगतीत पान मिळतं का?

खटकलं ते योग्यच खटकलं. आपल्या 'हलकं'चे स्वभाव दोन. हलका आहार, पिसासारखं हलकं, रडून मन हलकं झालं, इथे हा शब्द गुणाचा आहे. पण हलक्या प्रतीचा तांदूळ, हलक्या कानाचा माणूस, एखाद्याला हलकं लेखणं, इथे तोच शब्द कमीपणा दाखवतो. 'कविता'च्या आधी तो एकटा बसला की वाचकाला हा दुसरा अर्थ आधी ऐकू येतो. 'हलकीफुलकी' म्हटलं की ती शंका उरत नाही. या जोडशब्दातलं 'फुलकी' नुसतं यमकाचं शेपूट नाही. 'हलकं'चा कोणता अर्थ घ्यायचा ते ठरवण्याचं काम ते करतं.

आता दुसरा शब्द, 'व्हर्स'. माझ्या मते खरी गंमत इथे आहे, आणि अनुवादात नेमकी हीच जागा निसटते. व्हर्स म्हणजे कविता नव्हे, पद्य. हा शब्द लॅटिन 'व्हर्सस'वरून आला. त्याचा अर्थ ओळ, आणि शेतातला नांगराचा तासही. मुळाशी वळण्याचा धातू आहे: नांगर बांधापर्यंत गेला की वळतो आणि नवं तास धरतो, तशी ओळ संपली की वळते. म्हणजे 'लाइट व्हर्स' या नावातच कारागिरी गृहीत आहे. विषय कितीही थट्टेचा असो, ओळ जिथे वळायला हवी तिथेच वळली पाहिजे. गंभीर कवितेत एखादी ओळ लंगडली तर आशय तिला सांभाळून घेतो. इथे मात्र एक मात्रा चुकली, यमक ओढूनताणून आणलं, की हसू जागच्या जागी विरतं. म्हणून मी 'हलकंफुलकं पद्य' असंच लिहितो आणि तेच सुचवतो.

इंग्रजी कवितेत याचं स्थान काय, यावर सर्वांत विचार करायला लावणारं उत्तर डब्ल्यू. एच. ऑडन या कवीचं आहे. १९३८ साली त्याने ऑक्सफर्डसाठी लाइट व्हर्सचा संग्रह संपादित केला. त्याच्या प्रस्तावनेत तो म्हणतो की हलकेपणा विषयात नसतो, कवी आणि श्रोता यांच्या नात्यात असतो. कवी ज्यांच्यासाठी लिहितो त्यांच्यातलाच एक असेल, त्यांची भाषा, त्यांच्या आवडीनिवडी त्याच्याही असतील, तर कविता आपोआप हलकी होते. या अर्थाने सोळाव्या शतकातल्या पहिल्या एलिझाबेथ राणीच्या काळापर्यंतची सगळीच इंग्रजी कविता हलकी होती, असं त्याचं म्हणणं. पुढे कवी समाजापासून तुटला, स्वतःच्याच अंतरंगात डोकावू लागला, तेव्हा 'गंभीर' आणि 'हलकं' अशी वाटणी झाली. ही मांडणी मला पटते. पंगतीत पान मिळण्याचा प्रश्नच मग उलटा होतो, कारण पंगत मुळात याच पद्याची होती.

ज्या काळात ही वाटणी झाली त्याच काळात बायरन या इंग्रज कवीने 'डॉन जुअन' हे दीर्घकाव्य लिहिलं, १८१९ ते १८२४. त्यातलं एक यमक इंग्रजी कवितेच्या रसिकांना तोंडपाठ असतं. 'इंटलेक्च्युअल' या भारदस्त शब्दाला त्याने जोडलं आहे 'हेन-पेक्ड यू ऑल'. विदुषींच्या नवऱ्यांनो, खरं सांगा, तुम्हा सगळ्यांना त्यांनी ताटाखालचं मांजर केलंय की नाही, असा तो सवाल. एका लांब, लॅटिन वळणाच्या शब्दाला तीन साधे घरगुती शब्द एकत्र येऊन गाठतात. त्या गाठण्यातच विनोद आहे. अर्थ आपण मराठीत आणू शकतो, पण तो टक्कन लागणारा यमकाचा टोला आणणं फार कठीण.

किती कठीण, ते करूनच पाहू. एडवर्ड लियरचं 'अ बुक ऑफ नॉन्सेन्स' १८४६ सालचं. लियर मूळचा चित्रकार. ज्या पाच ओळींच्या प्रकाराला आपण लिमरिक म्हणतो तो त्याने घरोघरी पोचवला, पण लिमरिक हे नाव त्याने स्वतः कधी वापरलं नाही. ते आयर्लंडमधल्या एका गावाचं नाव आहे, आणि पद्यप्रकाराला ते चिकटलं नंतर. पहिल्या, दुसऱ्या आणि पाचव्या ओळीचं यमक एक, तिसऱ्या-चौथ्या आखूड ओळींचं वेगळं. त्याच्या दाढीवाल्या म्हाताऱ्याचं मी केलेलं मराठी रूप असं:

आजोबांची हो दाढी रानोमाळ,
म्हणती, "भीत होतो, तोच आला काळ!
दोन घुबडं, अन् कोंबडी एक,
चंडोल चार, चिमणीची लेक,
माझ्या दाढीत यांनी थाटली चाळ!"

इंग्रजी छंद आघातांवर चालतो, आपला मात्रांवर. म्हणून लांब ओळी २१ मात्रांच्या आणि आखूड १७ मात्रांच्या ठेवल्या. 'रेन' नावाच्या इवल्या पक्ष्याला आपल्याकडे सर्वांच्या ओळखीचा शब्द नाही, म्हणून 'चिमणीची लेक'. पण एका जागी मी लियरपासून दूर गेलो, ते सांगायला हवं. त्याची पहिली ओळ 'बिअर्ड' या शब्दावर संपते आणि पाचवीही 'बिअर्ड'वरच. शेवटी नवा शब्द नाही, नवा धक्का नाही. गोष्ट जिथून निघाली तिथेच येऊन बसते. लियरची बहुतेक लिमरिकं अशीच आहेत. शेवटच्या ओळीत टोला हाणायची सवय पुढच्या लोकांची. 'चाळ' हा माझा टोला आहे, लियरचा नव्हे.

'वात्रटिका' का नको, याचं उत्तरही इथेच मिळतं. शब्द मला फार आवडतो. बोलीतल्या 'वात्रट'ला संस्कृत वळणाचं 'इका' लावलं, नाटिका, पुस्तिका यांच्यासारखं, आणि केवढं नेमकं नाव तयार झालं! मंगेश पाडगावकरांनी तर आपल्या पुस्तकालाच हे नाव दिलं. पण वात्रटिका म्हटलं की आपल्याला छोटी, चिमटा काढणारी, बहुतेकदा ताज्या घडामोडीवरची रचना आठवते. दाढीतल्या घुबडांनी कुणालाच चिमटा काढलेला नाही. वात्रटिका हा हलक्याफुलक्या पद्याचा एक प्रकार आहे, अख्ख्या घराण्याचं नाव नव्हे. 'विडंबन'ही तसंच, कारण त्याला मूळ कविता लागते. अत्र्यांनी 'केशवकुमार' या नावाने लिहिलेली 'झेंडूची फुले' हसवतात ती मूळ कविता कानात असते म्हणून. कधी उलटंही होतं: 'अ‍ॅलिस इन वंडरलँड'मध्ये लुईस कॅरलने रॉबर्ट सदीच्या एका उपदेशपर कवितेचं विडंबन केलं, आणि आज मूळ कविता आठवते ती विडंबनामुळेच.

लियरचा विषय निघाला आहे तर मुंबईशी असलेला त्याचा एक धागा सांगितल्याशिवाय राहवत नाही. १८७३ ते १८७५ या काळात तो चित्रं काढत हिंदुस्थानात हिंडला. त्या मुक्कामात त्याने 'द कमरबंड' नावाची कविता लिहिली आणि ती जुलै १८७४ मध्ये मुंबईच्या 'टाइम्स ऑफ इंडिया'त छापून आली. तिची पहिली ओळ: 'शी सॅट अपॉन हर डोबी'. ती बाई संध्याकाळचा तारा पाहायला आपल्या 'धोबी'वर बसली आहे. शेजारून जाणारे 'पंखे' तिच्या रूपाची वाहवा करतात. भोवती उंच 'खानसामे' वाढले आहेत. नदीत सोनेरी परांचे 'चपराशी' पोहतात, झाडांच्या शेंड्यांवर हिरव्या 'आया' बसल्या आहेत, जांभळे 'नाले' फांद्या पसरून उभे आहेत, चिमुकले 'भिस्ती' चिवचिवतात. शेवटी जबडा पसरून 'कमरबंद' येतो आणि बाईला गिळून टाकतो.

लंडनच्या वाचकाला यातले बरेचसे शब्द म्हणजे नुसते गोड, परके आवाज. 'चपराशी' हा मासा असेल, 'आया' हा पोपट असेल, त्याच्या दृष्टीने काहीच अडत नाही. कविता त्या आवाजांवर तरंगते. आपल्याला मात्र प्रत्येक शब्दाचा अर्थ ठाऊक आहे, त्यामुळे झाडाच्या शेंड्यावर खरोखरची आया दिसते, नदीत डगला-पट्टा घातलेला चपराशी हातपाय मारताना दिसतो. त्या वर्तमानपत्राचा इंग्रज वाचकही मुंबईत राहणारा, घरी धोबी आणि खानसामा असलेला. त्यालाही हे शब्द रोजचेच, म्हणून त्याला आपल्यासारखंच हसू आलं असणार. कवी आणि वाचक यांचे रोजचे शब्द एक असले की पद्य हलकं होतं, या ऑडनच्या म्हणण्याला याहून चांगलं उदाहरण मला सापडलेलं नाही.

ही कविता मराठीत आणायचा मी बराच प्रयत्न केला. 'ती धोबीवर बसली' असं लिहिलं की पहिल्याच ओळीत तिचं परकेपण जातं आणि उरतो तो फक्त बिचारा धोबी. कुणाला वाट सापडली तर मला जरूर कळवा. माझा अंदाज असा की आपल्याला उलट्या बाजूने जावं लागेल: आपल्या तोंडी रोज असणारे इंग्रजी शब्द घ्यायचे, झाडावर 'मॅनेजर' बसवायचा आणि तळ्यात 'कंडक्टर' पोहायला सोडायचे.