नट शिकवायला लागला म्हणजे संपला का?

प्रश्न : ताई, बरीच वर्षं नाटकांतून, मालिकांतून कामं करतोय. रस्त्यात कुणी ओळखत नाही, पण काम थांबलेलं नाही. आता एका कॉलेजच्या नाट्यविभागाने तासिका तत्त्वावर अभिनय शिकवण्याबद्दल विचारलं आहे. मित्र म्हणतात, एकदा 'सर' झालास की निर्मात्यांचे फोन बंद. शिवाय मी स्वतः कुठे शिकलेलो नाही, तर शिकवू काय? – एक नट, सांगली

उत्तर : जरूर जा. मीही नाटकांच्या 'नाइट'वर, म्हणजे दर प्रयोगामागे मिळणाऱ्या मानधनावर, घर चालवत असतानाच वर्गात शिकवायला गेले आणि दोन्ही करत राहिले.

नाटककार सतीश आळेकरांचंच बघा. पुण्याच्या बी. जे. मेडिकलमध्ये ते जीवरसायनशास्त्राच्या संशोधनाची नोकरी करत होते, जोडीला लेखन, दिग्दर्शन, अभिनय. १९९६ मध्ये ते पुणे विद्यापीठाच्या ललित कला केंद्राचे प्रमुख झाले. तिथून निवृत्त झाल्यावर 'व्हेंटिलेटर'सारख्या चित्रपटात त्यांचं काम आपण पाहिलं. शिकवल्यामुळे त्यांच्यातला नट कुठे संपला?

शिकवू काय, म्हणता? तुम्ही रिप्लेसमेंट, म्हणजे चालू नाटकात दुसऱ्या नटाच्या जागी भूमिका, केली असणारच. दुसऱ्याने बसवलेल्या हालचाली, दुसऱ्याच्या मापाचे कपडे, हाताशी दोन-तीन तालमी; आणि तरी समोरच्या नटाला तुम्ही नवे आहात हे जाणवू द्यायचं नाही. ती भूमिका तुम्ही आपली कशी केली, आधी काय पाठ केलं, कुठे समोरच्याच्या डोळ्यांवर विसंबलात, हे मुलांना करून दाखवा. रांगेने प्रयोग असताना तेच वाक्य पहिल्यांदा सुचल्यासारखं बोलायचं कसं, हेही नियमित प्रयोग करणाऱ्या नटाकडूनच शिकावं. हशा आला की थांबायचं, पण तो पुरता विझायच्या आत पुढचं वाक्य उचलायचं. हा अंदाज प्रेक्षकांसमोर उभं राहूनच येतो.

एक गोष्ट मात्र पहिल्या आठवड्यातच घ्या. मुलं वाक्याचा शेवट गिळतात. मालिकांमध्ये माईक छातीशीच असतो, त्यामुळे ते खपून जातं. पण मराठीत क्रियापद शेवटी आणि नकार तर त्याच्याही मागे. 'मी तुझ्याबरोबर येणार नाही' यातला 'नाही' पडला, की शेवटच्या रांगेसाठी माणूस चक्क यायला तयार झालेला असतो! माझ्या वर्गात मी एकाला मागच्या भिंतीशी उभं करते आणि त्याला ऐकलेलं वाक्य जसंच्या तसं म्हणायला लावते. ओरडून उपयोग नाही, श्वास शेवटच्या शब्दापर्यंत राखून ठेवावा लागतो.

तुम्हाला अवघड जाईल ते वेगळंच. मुलगा अडखळला की तुम्हाला वाक्य म्हणून दाखवायचा मोह होईल. तो आवरा, नाहीतर वर्गभर तुमच्याच लकबी फिरतील. 'या क्षणी तुला समोरच्याकडून काय हवंय?' एवढंच विचारा आणि वाट बघा. त्या शांततेत बसून राहणं मला रंगमंचावरच्या कुठल्याही विरामापेक्षा जड गेलं, आणि मुलाला त्याचं उत्तर सापडताना बघण्याचा आनंदही तिथेच मिळाला.

व्यवहाराचंही सांगते. तासिकेच्या मानधनावर घर चालेल असं धरू नका, प्रयोग चालू ठेवा. कायम नोकरीचा विचार असेल तर पदव्युत्तर पदवी आणि नेट किंवा सेट ही प्राध्यापकपदासाठीची पात्रता परीक्षा लागते. व्यावसायिक कलावंतांसाठी विद्यापीठ अनुदान आयोगाच्या (यूजीसी) २०१८ च्या नियमांत वेगळी तरतूदही आहे, ती विभागप्रमुखांसोबत बसून वाचा.

प्रश्न : आमचे सर सतत दौऱ्यावर असतात, वर्ग बुडतात. तक्रार केली तर चुकेल का? – एक विद्यार्थिनी, नाशिक

उत्तर : अजिबात नाही. व्यावसायिक नाटकांचे बहुतेक प्रयोग शनिवार-रविवारी लागतात. सरांना सोमवार ते गुरुवारचे तास मागा आणि दौऱ्याच्या तारखा आधी कळवायला सांगा. जवळपास प्रयोग असेल तेव्हा विंगेत उभं राहू द्या म्हणावं. तेही शिकणंच आहे, पण बुडालेला तास त्याने भरून निघत नाही. तो वेगळा मागून घ्या.