वाचकांचे प्रश्न : समोर उभा असतो तो काय करतो?

प्रश्न : आमच्या भजनात बुवा स्वतः पेटी वाजवतात, गातात. परदेशी वाद्यवृंदापुढचा कंडक्टर तर काहीच वाजवत नाही. मग त्याचं एवढं मोठेपण कशात?
– एक वाचक, वेंगुर्ला

उत्तर : दशावतारात पायपेटीवर मी तीस वर्षं काढली. राजा युद्धाला उठला की मी मृदंगवाल्याकडे बघून नुसती मान हलवायचो, लय चढायची. कंडक्टरचं काम त्याच जातीचं, पण समोर शंभरेक वादक. प्रत्येकापुढे फक्त आपल्या वाद्याचा कागद. सगळ्यांचं मिळून लिहिलेलं एकट्या कंडक्टरपुढे. कोण दबलं, कोण घाईत आहे, ते त्यालाच ऐकू येतं. आणि खरं काम तालमीत होतं, प्रयोगाच्या रात्री नव्हे.

माझा जीव जडलाय तो गुस्टाव्ह मालर या कंडक्टर आणि संगीतकारावर. १८६० साली बोहेमियात, म्हणजे आजच्या चेक देशात जन्मला. १८९७पासून दहा वर्षं व्हिएन्नाच्या दरबारी ऑपेराचा, म्हणजे गाण्यातून चालणाऱ्या नाटकांच्या संस्थेचा संचालक. हंगामभर दुसऱ्यांच्या रचना उभ्या करायच्या. स्वतःचं लिहायला उरायची उन्हाळ्याची सुट्टी! त्यासाठी व्हिएन्नाच्या नोकरीआधीच ऑस्ट्रियातल्या आटरझे तळ्याकाठी त्याने एकच खोली बांधून घेतली होती, आपल्या मांगरासारखी. दीड तासाची तिसरी सिम्फनी, म्हणजे वाद्यवृंदासाठीची मोठी रचना, तिथेच लिहिली. १९११ मध्ये, पन्नासाव्या वर्षी गेला. दहावी सिम्फनी अपुरी राहिली, याची मला अजून हळहळ वाटते.

तुम्ही त्याच्या पाचव्या सिम्फनीचा चौथा भाग आधी ऐका. नुसती तारवाद्यं आणि हार्प, दहाएक मिनिटं. रात्री ऐका, गाज ऐकू येत असताना.